आलुबुखारा, पीच आणि मोजकीच साखर

जून उजाडला की फळवाल्याच्या गाडीवर जांभळट-लाल आलुबुखारे आणि मऊ लव असलेले पीच दिसू लागतात. आपण हौसेनं किलोभर आणतो, एखादा आंबट निघतो आणि उरलेले फ्रिजमध्ये सुरकुततात. तुमच्याकडेही हेच होतं ना? मग या वेळी त्यांचं क्रंबल करून बघा.

क्रंबल म्हणजे शिजलेल्या फळांवर लोणी-पिठाचा खुसखुशीत चुरा. इंग्लंडमधलं साधं घरगुती गोड. जानेवारी १९४० मध्ये तिथे लोणी आणि साखर रेशनवर आली, साखरेचं रेशन १९५३ पर्यंत उठलं नाही. पायच्या पारीपेक्षा चुऱ्याला लोणी कमी लागतं, म्हणून क्रंबल त्या काळात घरोघरी रुजलं असं मानतात.

आमच्याकडे कारण वेगळं. बाबांना मधुमेह. घरात गोड झालं की ते "मला नको, तुम्ही खा" म्हणत पेपर उघडून बसायचे. म्हणून पहिल्या खेपेला मी जोशात साखर पूर्ण वगळली. बाबांनी एक घास घेतला, डोळे मिटले आणि अतिशय सभ्यपणे पाणी मागितलं.

साखर नुसती गोडीसाठी नसते. ती फळातून रस सोडवते, चुऱ्याला तांबूस रंग आणि कुरकुरीतपणा देते. शिवाय आलुबुखाऱ्याची साल शिजल्यावर जास्तच आंबट लागते. म्हणून आता मी दोन भाग आलुबुखारे आणि एक भाग पीच घेते. पीच गोडसर असतो, तो बराच भार उचलतो. फळं पिकलेलीच हवीत, देठाजवळ किंचित दबणारी. कच्ची असतील तर दोन दिवस ओट्यावरच राहू द्या.

सहा जणांसाठी ७०० ग्रॅम फळं घ्या. फळावरच्या रेषेवरून सुरी फिरवून दोन्ही अर्ध हलकेच पिळा, म्हणजे कोय सुटते. सुटली नाही तर भोवतीनं कापा. (कोय फोडून आतला गर मुलांना देऊ नका, त्यातून पोटात सायनाइड तयार होतं.) फोडींना २ मोठे चमचे साखर, २ चहाचे चमचे कॉर्नफ्लोअर, दालचिनी आणि चिमूटभर मीठ लावा. दालचिनीमुळे आहे त्यापेक्षा जास्त गोड वाटतं.

चुऱ्यासाठी १०० ग्रॅम कणीक, ५० ग्रॅम ओट्स, ३० ग्रॅम बदामाची भरड, ३० ग्रॅम साखर आणि ७५ ग्रॅम थंड लोणी. करंजीच्या पिठाला मोहन चोळतो तसं बोटांच्या टोकांनी चोळा, पण मुटका वळायच्या आधीच थांबा. मधेमधे वाटाण्याएवढे गोळे राहिले तर उत्तमच, तेच खुसखुशीत होतात. लोणी हातात वितळायला लागलं तर भांडं दहा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा.

फळांवर चुरा सैलसर पसरा, दाबू नका. १८० अंशांवर ३५ ते ४० मिनिटं, कडेनं रस बुडबुडेपर्यंत. ओव्हन नसेल तर फळं कढईत शिजवा, चुरा मंद आचेवर तव्यावर खमंग परता आणि वाढताना वरून घाला.

हिशेब असा: एरवी अशा क्रंबलला पावणेदोनशे ग्रॅम साखर सहज जाते, इथे ५५. म्हणजे माणशी नऊ-दहा ग्रॅम. साखरेऐवजी गूळ किंवा मध घालून स्वतःची समजूत काढू नका, रक्ताला तो फरक फारसा कळत नाही. फळात आणि कणकेतही कर्बोदकं असतातच. तेव्हा मधुमेह असलेल्यांनी छोटी वाटीच घ्यावी, तीही डॉक्टरांनी आखून दिलेल्या खाण्यात बसवून.

काढल्यावर पंधरा मिनिटं थांबा, रस आळतो. सोबत आइस्क्रीमऐवजी चक्का छान लागतो. आमच्याकडे बाबांची वाटी आधी भरली जाते. परवा त्यांनी पेपर स्वतःहून बाजूला ठेवला आणि विचारलं, "कडेचा भाग कुणाला नको असेल तर?"