राक्षस नीलचा, मालकी बीबीसीची

नायजेल नील यांचा जन्म १९२२ सालचा, बॅरो-इन-फर्नेसचा. बालपण मात्र आइल ऑफ मॅन बेटावर गेले. ‘टोमॅटो केन’ या कथासंग्रहाला १९५० मध्ये सॉमरसेट मॉम पुरस्कार मिळाला. पुढच्या वर्षी ते बीबीसीत पगारी लेखक झाले.

१९५३ च्या उन्हाळ्यात त्यांची ‘द क्वेटरमास एक्सपेरिमेंट’ ही सहा भागांची मालिका दर शनिवारी रात्री थेट प्रक्षेपित होऊ लागली. अंतराळात गेलेल्या तिघांपैकी एकच परत येतो आणि हळूहळू वनस्पतीसारख्या भयंकर जीवात बदलत जातो. नायक प्राध्यापकाचे आडनाव नील यांनी लंडनच्या टेलिफोन डिरेक्टरीतून उचलले होते. दिग्दर्शक होते व्हिएन्नात जन्मलेले रुडॉल्फ कार्टिए.

शेवटचा प्रसंग घडतो वेस्टमिन्स्टर ॲबेत. एलिझाबेथ राणीचा राज्याभिषेक त्याच वर्षी जूनमध्ये तिथे झाला होता आणि तो लाखो लोकांनी टीव्हीवर पाहिला होता. त्यामुळे जागेची कुणाला ओळख करून द्यावी लागली नाही. पैशांची मात्र वानवा. नील आणि त्यांची होणारी पत्नी ज्युडिथ केर (पुढे बालसाहित्यातले मोठे नाव) यांनी हातमोज्यांवर पाने-काटक्या चिकटवून राक्षस तयार केला. ॲबेच्या मोठ्या केलेल्या छायाचित्राला भोके पाडून नील यांनी स्वतःच त्यातून हात बाहेर काढले आणि हलवले! क्वेटरमास या जीवावर गोळ्या झाडत नाही. त्याच्या आत सामावलेल्या तिन्ही अंतराळवीरांना साद घालतो आणि तेच त्याचा अंत घडवून आणतात.

बीबीसीने चित्रपटाचे हक्क हॅमर कंपनीला विकले. नील नोकरीत असल्यामुळे त्यांना त्यातला वाटा मिळाला नाही. १९५५ च्या चित्रपटात क्वेटरमास झाला ब्रायन डॉनलेव्ही हा अमेरिकी नट, आणि राक्षसाला विजेचा धक्का देऊन मारण्यात आले. कथेचा गाभाच त्यात गेला. नील यांनी हा राग आयुष्यभर जपला, आणि तो रास्तच होता. बीबीसीने त्यांना काही रक्कम दिली, तीही बऱ्याच वर्षांनी.

डिसेंबर १९५४ मध्ये त्यांनी केलेल्या ऑर्वेलच्या ‘१९८४’ च्या रूपांतरावरून पार्लमेंटमध्ये ठराव मांडले गेले. वाद पेटलेला असतानाच चार दिवसांनी दुसरा प्रयोग झाला. ‘लुक बॅक इन अँगर’, ‘द एन्टरटेनर’ या चित्रपटांच्या त्यांच्या पटकथा नेटक्या आहेत, पण तिथे आवाज मूळ नाटककार ऑस्बर्नचाच. ‘क्वेटरमास अँड द पिट’ (१९५८-५९) मात्र पूर्णपणे नील यांचे: माणसातल्या वंशद्वेषाचे मूळ मंगळावरून आलेले असावे, ही कल्पना नॉटिंग हिलच्या दंगलींनंतर काही महिन्यांतच पडद्यावर आली.

‘द इयर ऑफ द सेक्स ऑलिम्पिक्स’ (१९६८) मध्ये एका कुटुंबाला निर्जन बेटावर सोडले जाते आणि त्यांचे हाल बघत प्रेक्षक खदखदून हसतात. रिॲलिटी शो अजून खूप दूर होते. १९७२ च्या नाताळात आलेल्या ‘द स्टोन टेप’ मध्ये जुन्या खोलीचे दगडच घडलेले भयाण प्रसंग ध्वनिमुद्रित करून ठेवतात. १९८२ मध्ये ‘हॅलोवीन ३’ या चित्रपटाच्या त्यांच्या पटकथेत वाढवलेली हिंसा न आवडल्याने त्यांनी श्रेयनामावलीतून आपले नाव काढायला लावले.

१९६३ च्या ‘द रोड’ मध्ये अठराव्या शतकातल्या एका रानात भुताटकीचे आवाज ऐकू येतात. ते निघतात भविष्यातल्या अणुयुद्धातल्या पळापळीचे. नील यांची ही सर्वांत भेदक कल्पना. प्रक्षेपणाची टेप आज उपलब्ध नाही. संहिता उरली, आणि तिच्यावरून बीबीसी रेडिओने २०१८ मध्ये, नील यांच्या निधनानंतर बारा वर्षांनी, नभोनाट्य केले.