'नियमित' आणि 'कायम' : सरकारी नोकरभरतीच्या कायदेशीर मर्यादा

सरकारी कचेऱ्यांतील व्यवहाराच्या मराठीत 'कायम करणे' हा प्रयोग दोन भिन्न अर्थांनी रूढ आहे. परिवीक्षेचा काळ संपल्यावर रीतसर निवडलेल्या कर्मचाऱ्यास पक्के करणे, हा एक अर्थ. रोजंदारीवर वा हंगामी म्हणून घेतलेल्या माणसास सेवेत सामावून घेणे, हा दुसरा. बोलण्यात या दोहोंची गल्लत झाली तरी फारसे बिघडत नाही. कायद्यात मात्र या भेदावर हजारो माणसांची उपजीविका अवलंबून असते.

या भेदाचे मूळ भारतीय संविधानात आहे. शासन हा इतर धन्यांसारखा धनी नव्हे. त्याच्या हातचे पद हे कोणाच्या मर्जीचे दान नव्हे. अनुच्छेद 16 अन्वये सरकारी नोकरीच्या बाबतीत सर्व नागरिकांस समान संधी मिळावयास हवी. मंजूर पद, अनुच्छेद 309 खालील सेवाप्रवेश नियम, जाहीर निवेदन आणि खुली स्पर्धा या पायऱ्या याच तत्त्वातून निघाल्या आहेत. त्या उमेदवारासही बांधतात आणि शासनासही. निवडसूचीत नाव आल्याने नियुक्तीचा अबाधित हक्क उत्पन्न होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1991 साली शंकरसन दाश प्रकरणी सांगितले. परंतु म्हणून शासनाने मनमानी करावी असा त्याचा अर्थ नाही, हेही त्याच निर्णयात स्पष्ट केले. निवडीची प्रक्रिया सुरू झाल्यावर, नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल तर, पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत, हे नोव्हेंबर 2024 मध्ये घटनापीठाने तेजप्रकाश पाठक प्रकरणी ठरविले.

परंतु जो या पायऱ्या न चढताच सेवेत आला आणि वर्षानुवर्षे राबला, त्याचे काय? कर्नाटकाच्या विक्रीकर खात्यात 1985-86 च्या सुमारास रोजंदारीवर घेतलेल्या कर्मचाऱ्यांनी हाच प्रश्न न्यायालयापुढे नेला. 10 एप्रिल 2006 रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने उमादेवी प्रकरणात निर्णय दिला : केवळ दीर्घ सेवेमुळे कायम होण्याचा हक्क मिळत नाही. तसा हक्क मानल्यास ज्यांना अर्ज करण्याची संधीच मिळाली नाही, अशा असंख्य अज्ञात उमेदवारांवर अन्याय होतो.

येथेच शब्दांचा भेद निर्णायक ठरतो. 'नियमित करणे' म्हणजे नियुक्तीच्या रीतीत राहून गेलेला दोष दूर करणे. त्यातून 'कायमपणा' आपोआप निष्पन्न होत नाही, हे नागराजन प्रकरणी 1979 सालीच सांगितले गेले होते. त्याच्याच जोडीला 'अनियमित' आणि 'बेकायदेशीर' हा दुसरा भेद येतो. मंजूर पदावर, आवश्यक अर्हता असलेल्या माणसाची, परंतु खुल्या स्पर्धेवाचून झालेली नेमणूक अनियमित होय. पदच मंजूर नसेल किंवा अर्हताच नसेल तर ती बेकायदेशीर. पहिला दोष दुरुस्त होऊ शकतो, दुसरा नाही. म्हणूनच न्यायालयीन आदेशांच्या आधाराविना दहा वर्षे वा अधिक सेवा झालेल्या पहिल्या प्रकारच्या कर्मचाऱ्यांचा एकवार विचार करावा, अशी वाट 2006 च्या निर्णयाने मोकळी ठेवली.

पुढे या निर्णयाचा उपयोग उलट्या दिशेनेही होऊ लागला. नित्याची कामे 'तात्पुरत्या' माणसांकडून करवून घ्यावयाची आणि त्यांनी हक्क मागताच उमादेवी निर्णयाकडे बोट दाखवावयाचे, अशी ही रीत होय. डिसेंबर 2024 मध्ये जग्गो प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने तिला हरकत घेतली. केंद्रीय जल आयोगात दीर्घकाळ सफाईची व बागेची कामे करणाऱ्यांना सेवेत नियमित करण्याचा आदेश देताना, नेमणुकीच्या कागदावरील नावापेक्षा कामाचे खरे स्वरूप पाहावे, असा त्याचा रोख होता.

तात्पर्य, भरतीवरील मर्यादा दुहेरी आहे. मागील दाराने कोणास आत घेता येत नाही, हा तिचा एक भाग; आणि दार मुद्दाम अर्धे उघडे ठेवून माणसास उंबरठ्यावर आयुष्यभर राबविता येत नाही, हा दुसरा. 'तात्पुरता' हा शब्द वीस वर्षे टिकतो, तेव्हा दोष केवळ शब्दाचा राहत नाही.