‘लूझिंग माय रिलिजन’ : ज्या गाण्यात धर्म नाही, त्याची गोष्ट

तुम्ही इंदूरला असा, बडोद्याला, हैदराबादला, बेळगावला किंवा दिल्लीला, एक अनुभव तुम्हाला नक्की आला असेल. आपण घरात सहज म्हणतो, ‘आता पाणी डोक्यावरून गेलं.’ शेजारच्या अमराठी माणसाला हे शब्दशः सांगितलं तर तो आधी छताकडे बघेल, मग नळाकडे! वाक्प्रचार असाच असतो. तो ज्या मातीतला, तिथे त्याचा अर्थ सगळ्यांना ठाऊक असतो, पण गावाची वेस ओलांडली की त्याचा भलताच अर्थ लागतो.

आजचं गाणं अशाच एका वाक्प्रचारावर उभं आहे. ‘आर.ई.एम.’ या अमेरिकन बँडचं ‘लूझिंग माय रिलिजन’, साल 1991. नाव ऐकून जगभरच्या लाखो लोकांना वाटलं, हे श्रद्धा गमावलेल्या माणसाचं गाणं. काहींना तर तो धर्मावरचा हल्लाही वाटला. पण अमेरिकेच्या दक्षिण भागात हा रोजच्या बोलण्यातला प्रयोग आहे. संयम सुटणं, तोल जाणं, आता काही धरवत नाही अशी अवस्था होणं, हा त्याचा अर्थ. बँड जॉर्जिया राज्यातल्या अथेन्स या कॉलेजच्या गावातला, तिथे 1980 साली सुरू झालेला. गायक मायकेल स्टाइप यांनी अनेकदा सांगितलं आहे की गाणं एकतर्फी प्रेमाबद्दल आहे. समोरच्याला आपल्या मनातलं कळलं का? आपण फार बोलून बसलो की काहीच बोललो नाही? या घालमेलीत अडकलेला माणूस त्यात बोलतो. म्हणजे धर्माशी संबंध शून्य.

आता हे गाणं जन्माला कसं आलं ते बघू. बँडचा गिटारवादक पीटर बक. त्याने नवं मँडोलिन घेतलं होतं आणि घरी टीव्ही बघता बघता तो ते वाजवायला शिकत होता. सोबत रेकॉर्डिंग चालू ठेवलेलं. दुसऱ्या दिवशी ऐकताना त्या चाचपडण्यात त्याला एक सुरावट सापडली, आणि तीच गाण्याचा कणा झाली. मँडोलिन आपल्याला परकं नाही. संगीतकार लक्ष्मीकांत आधी मँडोलिनवादक म्हणूनच नावाजले होते, आणि ‘दिलवाले दुल्हनिया ले जाएंगे’मधली मँडोलिनची धून कोण विसरेल? पण 1991च्या अमेरिकन रॉकमध्ये हे वाद्य गाण्याच्या मध्यभागी असणं म्हणजे लावणीत ढोलकीच्या जागी व्हायोलिन आल्यासारखं होतं.

रेकॉर्डिंग 1990 साली न्यूयॉर्क राज्यातल्या बेअर्सव्हिल स्टुडिओत झालं, निर्माता स्कॉट लिट. बास गिटार माइक मिल्सची, ड्रम बिल बेरीचे. मागे जो तंतुवाद्यांचा हलका पडदा ऐकू येतो, तो अटलांटा सिंफनीच्या वादकांचा. या बँडची एक पद्धत सांगण्यासारखी आहे. शब्द स्टाइपचे असले, चाल बकला सुचलेली असली, तरी गीतकार-संगीतकार म्हणून चौघांची नावं बरोबरीने लागायची. कितीतरी बँड नेमके याच श्रेयावरून फुटले. हे चौघे त्या भांडणापासून दूर राहिले.

गाणं तयार झालं आणि खरा पेच पुढे आला. ‘आउट ऑफ टाइम’ या नव्या अल्बमची ओळख करून देणारं पहिलं सिंगल हेच असावं, असं बँडचं म्हणणं. वॉर्नर ब्रदर्स ही कंपनी साशंक होती, आणि तिची बाजू अगदीच चुकीची नव्हती. रेडिओवर गाणं चालायचं तर मुखडा हवा, म्हणजे जो दर अंतऱ्यानंतर परत येतो आणि ऐकणाऱ्याच्या तोंडी बसतो. इथे तसा ठसठशीत मुखडाच नाही. वर मँडोलिन, आणि वेळ सव्वाचार मिनिटांच्या पुढे. हा घोडा बसला असता तर नुकसान अख्ख्या अल्बमचं होतं. शिवाय या अल्बमसाठी बँड दौराही करणार नव्हता. म्हणजे लोकांपर्यंत पोहोचायचं तर रेडिओ आणि व्हिडिओ, दोनच वाटा. फेब्रुवारी 1991मध्ये सिंगल बाहेर आलं आणि अमेरिकेच्या बिलबोर्ड यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत गेलं. या बँडचं एकही गाणं त्याआधी किंवा नंतर तिथे इतकं वर गेलं नाही.

यात मोठा हात व्हिडिओचा. आणि इथे गोष्टीत आपला माणूस येतो. दिग्दर्शक तरसेम सिंग, जन्म जालंधरचा, शाळा शिमल्याची, कॉलेज दिल्लीचं, मग कॅलिफोर्नियात पॅसाडीनाच्या आर्ट सेंटरमध्ये शिक्षण. कॉलेज म्हणजे वडिलांना आवडेल ते शिकायची जागा, असं वाटणाऱ्या या मुलाच्या हाती अमेरिकेतल्या फिल्म स्कूलची माहिती देणारं एक पुस्तक पडलं आणि आयुष्य बदललं, हे त्याने स्वतः सांगितलेलं. तेव्हा तो तिशीच्या उंबरठ्यावर होता.

स्टाइपला हवा होता साधा व्हिडिओ, गायक आणि कॅमेरा समोरासमोर. तरसेमच्या डोक्यात होतं भारतीय सिनेमासारखं काहीतरी, भावना ठासून भरलेलं आणि स्वप्नासारखं. शेवटी दोन्ही एकत्र आलं. एरवी व्हिडिओत ओठ हलवायला नकार देणारा स्टाइप या वेळी कॅमेऱ्यासमोर गायला तयार झाला, आणि हातपाय झटकत नाचलाही.

सुरुवातीला अंधारी खोली, पावसाची टिपटिप, खिडकीतून पडून फुटणारं दुधाचं भांडं. हे रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीच्या ‘द सॅक्रिफाइस’ला केलेलं वंदन. पंख असलेला, जमिनीवर कोसळलेला म्हातारा येतो तो मार्केझच्या कथेतून. उजेड-अंधाराचा खेळ इटालियन चित्रकार काराव्हाज्जोचा. बाणांनी विद्ध संत सेबॅस्टियन आहे, आणि काही चौकटी बघताना आपल्याला थेट घरच्या कॅलेंडरवरचे देव आठवतात. वेगवेगळ्या धर्मांच्या प्रतिमा एकाच खोलीत नांदवणं ही कल्पना, मला वाटतं, भारतात वाढलेल्या माणसाला सहज सुचावी अशीच आहे.

पण गंमत बघा. ज्या गाण्यात धर्म नव्हता, त्याच्या व्हिडिओत तो काठोकाठ भरला! मग लोकांनी नावाचा शब्दशः अर्थ घेतला तर दोष कोणाला द्यायचा? व्हिडिओने गाणं घराघरांत नेलं आणि गैरसमजही सोबत नेला. माझं मत विचाराल तर त्यात फार बिघडलं नाही. ज्याच्यावर जीव जडला त्याच्यासमोर आपण भक्तासारखेच उभे असतो, कौल मिळेल की नाही या धास्तीत. तरसेमने शब्दाचा अर्थ चुकवला असेल, भावना मात्र नेमकी पकडली.

पुढचं थोडक्यात. 1991च्या एमटीव्ही पुरस्कारांत या व्हिडिओला वर्षातल्या सर्वोत्तम व्हिडिओसह सहा पुरस्कार मिळाले. पुढच्या वर्षी गाण्याला आणि व्हिडिओला मिळून दोन ग्रॅमी. बिल बेरी 1997मध्ये बाहेर पडला, 2011मध्ये बँड थांबला. 2022मध्ये व्हिडिओने यूट्यूबवर शंभर कोटींचा टप्पा ओलांडला. आणि जून 2024मध्ये गीतकारांच्या सन्मान सोहळ्यात चौघे पुन्हा एका मंचावर उभे राहिले, तेव्हा त्यांनी हेच गाणं गायलं.

आज रात्री तो व्हिडिओ पुन्हा लावा. एकदा डोळे उघडे ठेवून बघा, तरसेमसाठी. मग डोळे मिटून ऐका, आणि ‘धर्म’ या शब्दाच्या जागी ‘धीर’ ठेवा. दुसऱ्यांदा वेगळंच गाणं ऐकू येईल. काय ऐकू आलं ते मला जरूर कळवा. भेटू पुढच्या भागात.