परतीच्या गाडीचा विचार आधी करावा

दरवर्षी मार्च-एप्रिल उजाडला की माझ्या दवाखान्यात एक ठरावीक वाक्य कानी पडू लागते : ‘डॉक्टर, मुलीकडे अमेरिकेला निघालोय, सहा महिन्यांची औषधे लिहून द्या.’ मी औषधे लिहून देतो. विमानात अधूनमधून उठून चाला, औषधे हातातल्या पिशवीत ठेवा, चिठ्ठी सोबत असू द्या, असे बजावतो. इतकी वर्षे हे करत असूनही, तिथे पोहोचल्यावर एखाद्या साध्या, आनंदाच्या संध्याकाळी काय होऊ शकते याचा विचार मी फारसा केला नव्हता. गेल्या उन्हाळ्यात तो धडा मला माझ्या वडिलांनी दिला, आणि तोही धावत्या गाडीत.

माझी धाकटी बहीण कॅलिफोर्नियात सनीव्हेल येथे राहते. अण्णांना, म्हणजे आमच्या वडिलांना, घेऊन मी तिच्याकडे गेलो होतो. अण्णांचे वय ८१. वीस वर्षांपासूनचा मधुमेह, रक्तदाबाची गोळी, प्रोस्टेटचा थोडा त्रास. पण चालते-फिरते, आणि क्रिकेटचे जन्माचे वेडे. आजोबांना बेसबॉल दाखवायचाच, असे माझ्या भाच्याने ठरवले. सामना सॅन फ्रान्सिस्को जायंट्स या संघाचा, रात्रीचा, ओरॅकल पार्क या मैदानावर. हे मैदान अगदी खाडीच्या काठावर आहे. उजव्या बाजूला फार उंच टोलावलेला चेंडू थेट पाण्यात पडतो आणि छोट्या होड्या घेऊन थांबलेले हौशी लोक तो पकडायला धावतात. हे ऐकूनच अण्णा तयार झाले.

मोटार उभी करण्याचा त्रास नको म्हणून आगगाडीने जायचे ठरले. सॅन फ्रान्सिस्को आणि सॅन होजे यांच्या दरम्यान १८६४ पासून रेल्वे धावते. आजची ‘कॅलट्रेन’ २०२४ पासून विजेवर चालू लागली आहे. तिचे शेवटचे स्थानक मैदानापासून चालत दहा मिनिटांवर आहे. मुंबईत चर्चगेटहून वानखेडेला चालत जाण्यासारखेच हे. अण्णांना ते फार आवडले.

जाण्याची तयारी आम्ही चोख केली. तिकिटे, टोपी, दुर्बीण, चष्मा. ‘गर्दीत विसरायला नको’ म्हणून अण्णांची संध्याकाळची मधुमेहाची गोळी मी घरीच, पाच वाजता दिली. ‘जेवण तिथेच करू,’ असे म्हणालो. येथेच माझी पहिली चूक झाली.

मैदानावर पोहोचेपर्यंत अण्णा रोजच्यापेक्षा बरेच अधिक चालले होते. खाण्याच्या ठेल्यांवर लांब रांगा होत्या. तिथले लसूण घातलेले तळलेले बटाटे प्रसिद्ध आहेत. अण्णांनी त्यातले चार-पाच तुकडे खाल्ले, ‘तिखट आहेत’ म्हणून बाजूला ठेवले आणि खेळात रमले. पाणी जवळजवळ घेतलेच नाही. कारण नंतर कळले : रांगेच्या मधोमध जागा होती, लघवीला जायचे तर आठ-दहा माणसांना उठवावे लागले असते. ‘कशाला लोकांना त्रास?’ असा आपल्या पिढीचा सनातन संकोच.

आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसेल म्हणून सांगतो. बेसबॉलमध्ये प्रत्येक संघाला नऊ डाव मिळतात आणि खेळाला वेळेचे बंधन नसते. चेंडू टाकण्यासाठी घड्याळ लावण्याचा नियम २०२३ मध्ये आल्यापासून सामना सरासरी तीन तासांवरून सुमारे २ तास ४० मिनिटांवर आला. परंतु नऊ डावांनंतर बरोबरी असेल, तर निकाल लागेपर्यंत जादा डाव खेळले जातात. त्या रात्री अकरा डाव झाले. भर जुलैतही खाडीवरचा वारा इतका गार की सुती शर्टातले अण्णा आखडून बसले होते. बहिणीने आपली शाल त्यांच्या अंगावर घातली.

सामना संपल्यावर हजारो माणसे एकाच वेळी बाहेर पडली. रात्रीच्या सामन्यानंतर निकाल लागल्यावर साधारण पंधरा मिनिटांनी जादा गाडी सुटते, आणि भरली तर त्याआधीही. म्हणून सगळे झपाझप चालत होते. आम्हीही अण्णांना हाताला धरून घाईघाईने नेले. फलाट बुटका, गाडीत चढायला पायरी. पण जागा मिळाली, आणि आम्ही सुस्कारा सोडला. आता तासाभराने घर!

गाडी निघाली. अण्णांनी खिडकीला डोके टेकवले. ‘दमलेत, झोपू द्या,’ मी म्हणालो. ही माझी दुसरी चूक. थोड्या वेळाने भाच्याने त्यांना विचारले, ‘आजोबा, कोण जिंकलं सांगा बघू?’ अण्णांनी डोळे किलकिले केले आणि विचारले, ‘दादर गेलं का?’

आम्ही सगळे हसलो. मीही हसलो. डॉक्टर असून हसलो, हे लिहिताना आजही मला शरम वाटते. भाचा मात्र हसला नाही. ‘मामा, आजोबांची कॉलर ओली आहे,’ तो म्हणाला. गार डब्यात, शाल पांघरलेल्या माणसाला दरदरून घाम! मी हात धरला, तो थंड आणि किंचित थरथरत होता. प्रश्न विचारला, तर उत्तर अडखळत आले. हातापायात ताकद सारखी होती, चेहरा वाकडा नव्हता. साखर मोजण्याचे यंत्र घरी टेबलावर होते आणि आमच्यापाशी एक गोळीभर साखरही नव्हती. समोरच्या बाकावरच्या बाईंनी न विचारताच आपल्या मुलाचा फळांच्या रसाचा डबा पुढे केला. अण्णा गिळू शकत होते. घोटाघोटाने तो रस पाजला. दहा-पंधरा मिनिटांनी त्यांनी शाल सावरली, इकडेतिकडे पाहिले आणि मला म्हणाले, ‘असा काय बघतोस? सनीव्हेल आलं का?’

नेमके काय झाले?

रक्तातील साखर ७० मिलिग्रॅमच्या खाली गेली की तिला आपण ‘शुगर लो झाली’ असे म्हणतो. इन्सुलिन आणि ग्लिमेपिराइड, ग्लिबेनक्लामाइड यांसारख्या गोळ्या शरीरात अन्न आले की नाही याची वाट पाहत नाहीत; त्या साखर उतरवतच राहतात. (केवळ मेटफॉर्मिन घेणाऱ्यांत हा धोका फार कमी असतो.) गोळी लवकर, जेवण नाही, चालणे अधिक, आणि वय ८१ : चारही गोष्टी एकाच संध्याकाळी जुळून आल्या.

वृद्धांमध्ये याची लक्षणे फसवी असतात. तरुणाला छातीत धडधडते, हात कापतात, कडकडून भूक लागते. वृद्ध माणूस मात्र अनेकदा फक्त गप्प होतो, चिडतो, असंबद्ध बोलतो किंवा पेंगतो. रक्तदाबासाठी ‘बीटा ब्लॉकर’ गटातली गोळी चालू असेल तर धडधडही जाणवत नाही; घाम मात्र बहुधा येतो. थकवा, थंडी, परक्या ठिकाणचा गोंधळ अशी सोपी कारणे हाताशी असतातच. कॅलिफोर्नियात रात्रीचे साडेदहा म्हणजे उन्हाळ्यात भारतातले सकाळचे अकरा; त्यामुळे नव्याने आलेल्या माणसाची झोपही उलटीपालटी झालेली असते. म्हणूनच परतीच्या गाडीत ‘झोपलेल्या’ वडीलधाऱ्यांना एकदा हाक मारून, उत्तर नीट येते का हे पाहावे.

शंका आली तर काय करावे?

१. यंत्र जवळ असेल तर साखर मोजा. नसेल तर वाट पाहू नका. लो आहे असे धरूनच चाला.

२. रुग्ण शुद्धीवर असून गिळू शकत असेल, तर साधारण १५ ग्रॅम साखर द्या : तीन-चार लहान चमचे साखर पाण्यात विरघळवून, किंवा अर्धा कप फळांचा रस. चॉकलेट किंवा बर्फी नको. त्यातल्या स्निग्धांशामुळे साखर रक्तात उशिरा पोहोचते.

३. पंधरा मिनिटांनी पुन्हा तपासा. सुधारणा नसेल तर तेवढीच साखर पुन्हा द्या. बरे वाटल्यावर पोळी, बिस्किटे, भात असे काही खायला द्या.

४. शुद्ध हरपली असेल, गिळता येत नसेल, तर तोंडात काहीही घालू नका. कुशीवर वळवा आणि अमेरिकेत ९११, भारतात ११२ वर मदत मागा. गाडीत असाल तर कर्मचाऱ्याला ताबडतोब सांगा.

५. हात लुळा पडणे, चेहरा वाकडा होणे, बोलणे बंद होणे ही पक्षाघाताची लक्षणेही असू शकतात. अशा वेळी साखर देऊन स्वस्थ बसू नका. मदत आधी बोलवा.

एक गोष्ट अनेकांना ठाऊक नसते. या गोळ्यांचा परिणाम लांबतो, विशेषतः मूत्रपिंडे अशक्त असतील तर. म्हणजे रस पाजल्यावर सावरलेली साखर पहाटे पुन्हा उतरू शकते. त्या रात्री घरी गेल्यावर अण्णांना आम्ही दहीभात खायला लावला, साखर मोजली, आणि पहाटे तीनला उठून पुन्हा मोजली. असा प्रसंग घडला तर तो आपल्या डॉक्टरांना अवश्य कळवावा. गोळीचे प्रमाण बदलण्याची गरज असू शकते. ते आपले आपण मात्र बदलू नये.

बाहेर पडण्यापूर्वी

सहलीचा आराखडा शेवटाकडून आखावा. घरी किती वाजता पोहोचायचे आहे, हे प्रथम ठरवावे. त्यावरून गाडी, गाडीवरून मैदान सोडण्याची वेळ. ही वेळ खेळाने नव्हे, आपण ठरवावी. सातव्या-आठव्या डावात उठून निघण्यात कमीपणा कसला? गर्दीच्या आधी निघालेल्या माणसाला फलाटावर बसायला जागा मिळते आणि पायरी सावकाश चढता येते. धक्काबुक्कीत पडून मांडीचे हाड मोडणे, हे या वयात सामना हरण्यापेक्षा फार वाईट. मात्र त्या रात्रीचे गाड्यांचे वेळापत्रक आधी पाहून ठेवावे.

जेवणाआधीची गोळी म्हणजे ‘घराबाहेर पडण्याआधीची’ गोळी नव्हे. ती सोबत न्यावी आणि ताट समोर आल्यावर घ्यावी. त्याहून सोपे म्हणजे घरूनच वेळेवर जेवून निघावे. खाद्यपदार्थ आणि पाणी आत नेण्याचे नियम प्रत्येक मैदानाचे वेगळे असतात; ते आधी पाहावेत.

एका छोट्या पिशवीत साखरेच्या पुड्या किंवा ग्लुकोज, बिस्किटे, साखर मोजण्याचे यंत्र, स्वेटर-कानटोपी, आणि औषधांची नावे, आजार, मुलांचे दूरध्वनी, प्रवासविम्याचा क्रमांक लिहिलेला कागद ठेवावा. ती पिशवी एका ठरलेल्या माणसाकडे असावी. ‘सगळेच बघतील’ म्हटले की कोणीच बघत नाही, हे आमच्या घराने अनुभवले आहे.

मैदानावर आणि गाडीत

रांगेच्या कडेची जागा मागावी. लघवी रोखून धरणे आणि ते टाळण्यासाठी पाणी तोडणे, दोन्ही घातक. थंडीत लघवीची भावना वाढते. प्रोस्टेटचा त्रास असलेल्यांनी फार वेळ रोखली तर ती पूर्णपणे अडू शकते. सर्दीच्या अनेक गोळ्यांनीही हा धोका वाढतो, म्हणून त्या डॉक्टरांना न विचारता घेऊ नयेत. गाडीत शौचालय असले तरी प्रत्येक डब्यात नसते. म्हणून मैदान सोडण्यापूर्वी एकदा जाऊन यावे.

सातव्या डावाच्या मध्यावर सगळे प्रेक्षक उभे राहून हातपाय ताणतात आणि गाणे म्हणतात, अशी बेसबॉलमध्ये जुनी रीत आहे. वैद्याने शिफारस करावी अशीच ती आहे! तिची वाट न पाहता दर तासाला उभे राहावे, पोटऱ्या हलवाव्यात. मात्र प्रोस्टेटच्या व रक्तदाबाच्या काही गोळ्यांनी उठताना चक्कर येते. म्हणून आधी क्षणभर पाय हलवून, मग आधार धरून उठावे.

गाडीत दाराजवळ वृद्धांसाठी राखीव बाके असतात, ती निःसंकोच मागावीत. वरच्या मजल्याचा जिना चढू नये. आपले स्थानक आल्यावर गाडी पूर्ण थांबली की मगच उठावे.

आणि वडीलधाऱ्या वाचकांना एक विनंती. ‘मला भूक लागली आहे’, ‘मला जायचे आहे’, ‘मला बरे वाटत नाही’ ही तीन वाक्ये म्हणजे तक्रार नव्हे. ती वेळेवर उच्चारली तर मुलांची संध्याकाळ बिघडत नाही, उलट वाचते.

त्या रात्रीनंतर बहीण म्हणाली, ‘आता अण्णांना कुठेही न्यायला नको.’ हा उपाय मात्र मला मान्य नव्हता. घरात बसवून ठेवलेला वृद्ध सुरक्षित दिसतो, पण तो हळूहळू मिटत जातो. ऑगस्टमध्ये आम्ही पुन्हा गेलो. दुपारचा सामना, घरून वेळेवर जेवण, कडेची जागा, खिशात साखरेच्या चार पुड्या. आठवा डाव चालू असताना अण्णाच म्हणाले, ‘चला, उठा आता.’ गाडीत निवांत जागा मिळाली. निकाल भाच्याने फोनवर पाहून सांगितला. सनीव्हेल येईपर्यंत अण्णा त्याला क्रिकेट हा श्रेष्ठ खेळ कसा, हे समजावून सांगत होते. आणि मी त्यांचे प्रत्येक वाक्य समाधानाने ऐकत होतो.