गाण्याच्या वहीत बाईचं नाव

आज आम्ही बोलणार आहोत गाण्यांच्या नोंदीबद्दल. गाणं कसं म्हणायचं हे तुम्हाला आम्ही काय सांगणार! पण म्हटलेलं गाणं जपून ठेवलं आणि वीस वर्षांनी हवं तेव्हा ते हाताला लागलं, असं व्हायला काय करावं लागतं, ते सांगणार आहोत.

आम्ही मुंबईत जोगेश्वरीला राहतो. आमच्यातल्या बहुतेकींचं गाव कोकणात, काहीजणींचं घाटावर. आमच्या महिला मंडळाचं छोटं वाचनालय आहे. दोन कपाटं पुस्तकं आणि एक पत्र्याची पेटी भरून कॅसेट. हळदीची गाणी, गौरीची गाणी, भजनं, जसं जमलं तसं भरलेलं.

मागे आमच्यातल्या एकीच्या मुलीचं लग्न ठरलं. त्या मुलीची आजी हळदीला गायची. आजी आता नाही, पण तिच्या आवाजाची कॅसेट पेटीत आहे, हे सगळ्यांना ठाऊक होतं. हळदीला आजीचाच आवाज लावायचं ठरलं. पेटी उघडली, तर बहुतेक कॅसेटवर नुसतं ‘गाणी’ एवढंच लिहिलेलं. काहींवर तेही नाही. चार रात्री आळीपाळीने ऐकत बसलो. शेवटी आजीचा आवाज सापडला. दोन कडवी झाली आणि मध्येच भजन सुरू झालं. कोरी समजून कोणीतरी त्याच कॅसेटवर भजन भरलं होतं. ते कोणीतरी म्हणजे आम्हीच. भजनात आमचेच आवाज होते.

हळदीला ती दोन कडवीच लावली. दुसऱ्या दिवशी आम्ही वही आणली.

आता तुम्ही म्हणाल, वाचनालयात पुस्तकांची नोंद असतेच, तशीच गाण्यांची करायची. पण इथेच फरक आहे. पुस्तकाचं नाव पुठ्ठ्यावर छापलेलं असतं, लेखक बहुधा एक असतो. गाण्याचं तसं नाही. गाणं लिहिणारा एक, चाल लावणारा दुसरा, म्हणणारी तिसरी. ‘गीतरामायण’च घ्या. १९५५ साली रामनवमीला पुणे आकाशवाणीवरून ते सुरू झालं. गीतं ५६, लिहिणारे ग. दि. माडगूळकर, संगीत सुधीर फडके यांचं. रेडिओवर ती माणिक वर्मा यांच्यासह अनेक गायक-गायिकांनी म्हटली. पुढे स्वतः फडके यांनी गायिलेली सगळी गीतं ध्वनिमुद्रित झाली. कोणी येऊन म्हणाली, ‘मला ते रेडिओवरचं हवं’, तर नुसतं ‘गीतरामायण’ एवढी नोंद तिच्या काय कामाची?

मोठ्या ग्रंथालयांत ड्युई नावाच्या पद्धतीने पुस्तकं लावतात. त्यात संगीताचा आकडा ७८०. त्या आकड्याने संगीताची सगळी पुस्तकं एका फळीवर येतात. पण फळीवर आल्याने नेमकं गाणं सापडत नाही. त्यासाठी गाण्याला जाण्याच्या अनेक वाटा नोंदीत ठेवाव्या लागतात. पहिल्या ओळीची एक वाट, गाणारीच्या नावाची दुसरी, गावाची तिसरी, प्रसंगाची चौथी. ज्या बाईला जे आठवेल त्या वाटेने ती गाण्यापर्यंत पोचली पाहिजे.

नावाची वाट सोपी वाटते, पण तीच जास्त चुकवते. ‘साधी माणसं’ या १९६५ च्या सिनेमाचं संगीत ‘आनंदघन’ यांचं आहे. आनंदघन म्हणजे लता मंगेशकर. त्या नावाने त्यांनी चार मराठी सिनेमांना संगीत दिलं. ग्रंथालयात अशा वेळी दोन नोंदी करतात. एकीवर सगळी माहिती असते. दुसरीवर फक्त ‘आनंदघन – पाहा: मंगेशकर, लता’ एवढंच. म्हणजे कुठल्याही नावाने शोधा, माणूस तोच सापडतो.

आणि मैत्रिणींनो, दोन नावं काय फक्त कलावंतांना असतात? आपल्याकडे लग्न झालं की आडनाव बदलतं, कुठे कुठे नावही बदलतं. माहेरी एका नावाने गाणारी बाई सासरी दुसऱ्याच नावाने ओळखली जाते. म्हणून आमच्या वहीत माहेरचं आणि सासरचं, दोन्ही नावं लिहितो. नाहीतर एकाच बाईच्या दोन बाया होतात.

गावाचंही तसंच. आमच्या एका कॅसेटवर ‘जोगेश्वरीचं गाणं’ असं लिहिलेलं होतं. जोगेश्वरी कोणती? आमच्या इथल्या लेण्यातली देवी? पुण्याची ग्रामदेवता तांबडी जोगेश्वरी? की अंबाजोगाईची योगेश्वरी, जी कोकणातल्या कितीतरी घरांची कुलदेवता आहे? तेव्हापासून आम्ही गाव, तालुका, जिल्हा पूर्ण लिहितो.

हे काम आपल्या बायांच्याच गाण्यांसाठी फार मोठ्या प्रमाणावर झालेलं आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ हे पुण्याला राहून काम करणारे दोघे अभ्यासक. १९८० नंतरच्या काळात ते पुणे जिल्ह्याच्या डोंगराळ भागात गरीब बायांबरोबर काम करत होते. तिथे त्यांनी जात्यावरच्या ओव्या ऐकल्या. गावोगाव पिठाची गिरणी आली होती, जाती बंद पडत चालली होती, आणि जात्याबरोबर ओवीही. मग त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ओव्या लिहून घ्यायला सुरुवात केली. पुढे बर्नार्ड बेल हे संगीत आणि संगणक दोन्ही जाणणारे अभ्यासक त्यांना मिळाले आणि कित्येक तासांचं ध्वनिमुद्रणही झालं. १,००० हून अधिक गावं, ३,००० हून अधिक गाणाऱ्या बाया आणि १,००,००० हून अधिक ओव्या गोळा झाल्या.

एवढ्या ओव्या नुसत्या एका पेटीत टाकल्या असत्या, तर आमच्या कॅसेटसारखीच गत झाली असती. त्यांनी प्रत्येक ओवीची वेगळी नोंद केली. ओवी कोणी म्हटली, ती कुठल्या गावची, हे लिहिलं. ओवी कशाबद्दल आहे ते पाहून तिला विषयाचा सांकेतिक क्रमांक दिला. सीतेच्या वनवासाच्या ओव्या एकीकडे, गावदेवाच्या एकीकडे, मायलेकींच्या, भावाच्या, सासरच्या वेगळ्या, बाबासाहेब आंबेडकरांवरच्या वेगळ्या. त्यामुळे मायलेकींवरच्या सगळ्या गावांच्या ओव्या एकत्र वाचता येतात, आणि एकाच बाईच्या सगळ्या ओव्याही.

२०१७ पासून ‘परी’ म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया या संस्थेने हा ओव्यांचा साठा लोकांसमोर आणायला घेतला. तेव्हा त्यांची माणसं त्या गावांत पुन्हा गेली, कितीतरी गायिकांना भेटली, त्यांचे फोटो काढले, त्यांचं बोलणं ऐकलं. कशामुळे जमलं? नोंदीत नाव आणि गाव होतं म्हणून. नुसतं ‘पारंपरिक ओवी’ लिहिलं असतं, तर कुणाच्या दाराशी जाणार होते?

‘पारंपरिक’ हा शब्द जरा जपून वापरा. रचना कोणाची माहीत नसेल, तर रचनेपुढे ‘पारंपरिक’ लिहा. पण गाणारीच्या जागी तो शब्द लिहू नका. गाणं परंपरेचं असलं, तरी आवाज एका बाईचा असतो.

बचत गटाची वही तुम्ही ठेवताच. त्यात कधी ‘कोणीतरी पन्नास रुपये भरले’ असं लिहिता का? नाव, तारीख, रक्कम, सही, सगळं लागतं. गाण्याचीही वही अशीच. आमची वही अशी आहे.

आधी कॅसेटला किंवा मोबाइलमधल्या फाइलला क्रमांक द्यायचा. तोच क्रमांक वहीत. मग प्रत्येक गाण्याला एक ओळ: गाण्याची पहिली ओळ, म्हणणारीचं माहेरचं आणि सासरचं नाव, गाव-तालुका-जिल्हा, कुठल्या प्रसंगाचं गाणं, भरल्याची तारीख, कोणी भरलं, कुठे ठेवलंय. चौघी मिळून म्हणत असतील तर चौघींची नावं. शेवटच्या रकान्यात एक गोष्ट तिला विचारूनच लिहायची: हे बाहेर ऐकवलं तर चालेल का? काही गाणी सासूवरची असतात, काही दुःखाची. ती नको म्हणाली तर ‘फक्त घरच्यांसाठी’ असं लिहायचं आणि पाळायचं.

वही हरवली तर? त्यावरही उपाय आहे, आणि तो शंभर वर्षांहून जुना आहे. १९०२ साली कलकत्त्यात गौहरजान यांच्या गाण्याच्या तबकड्या भरल्या गेल्या. तबकड्या तयार व्हायच्या जर्मनीत. तिथल्या कामगारांना कसं कळणार हे कोण गातंय? म्हणून गाणं संपलं की गौहरजान स्वतःच इंग्रजीत आपलं नाव सांगायच्या. आम्हीही आता रेकॉर्डिंग सुरू केलं की आधी गाणारीला तिचं नाव, गाव आणि तारीख बोलायला सांगतो. वही गेली तरी नाव आवाजातच राहतं.

तुमच्या घरी जुन्या कॅसेट असतील तर आणखी एक काम आजच करा. कॅसेटच्या वरच्या कडेला दोन टोकांना दोन छोटे प्लास्टिकचे तुकडे असतात. ते मोडले की त्या कॅसेटवर पुन्हा काही भरता येत नाही, रेकॉर्डचं बटणच दाबलं जात नाही. आम्ही हे वेळेवर केलं असतं, तर आजीचं गाणं पुरं राहिलं असतं. मग जमेल तशी ती गाणी मोबाइलमध्ये उतरवून घ्या, आणि एक प्रत दुसऱ्या घरी ठेवा.

पुढच्या बैठकीला हिशेबाची वही मिटली की एक नवी वही उघडा. गटातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईला मधे बसवा. गाणं नंतर. आधी तिला तिचं नाव सांगू द्या, माहेरचंसुद्धा. कितीतरी वर्षांत ते तिला कोणी विचारलेलं नसेल.