कवेलू, कमान आणि काटकोन

केळझरच्या टेकडीवर सिद्धिविनायकाचं दर्शन घेऊन मागे वळलं की जुन्या किल्ल्याचे अवशेष दिसतात आणि त्यांच्या पायथ्याशी गाव. ही एकचक्रानगरी, भीमानं बकासुराला मारलं ते इथंच, हे इथल्या पोरांना शाळेत जायच्या आधीच माहीत असतं. गावाच्या गल्ल्या कुणी आखलेल्या नाहीत. विहीर, देऊळ, बैलांची ये-जा आणि पावसाचं पाणी उतरायची वाट यांनी त्या वळवल्या.

इथून सुमारे २६ किलोमीटरवरचं वर्धा मात्र आधी कागदावर जन्मलं. १८६२ साली नागपुरातून वेगळा काढलेला जिल्हा, त्याचं मुख्यालय सुरुवातीला पुलगावजवळच्या कवठ्याला. १८६६ साली ते पालकवाडी नावाच्या खेड्याच्या जागी आणलं गेलं. नव्या शहराला नदीचं नाव मिळालं आणि रुंद, सरळ रस्ते मिळाले. पुढच्याच वर्षी रेल्वे नागपूरला पोचली. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे इंग्लंडच्या गिरण्यांचा कापूस तुटला होता आणि हिंगणघाटच्या कापसाचं नाव तिकडे झालं होतं. शहर, रूळ आणि कापूस हा एकाच हिशोबाचा भाग होता.

ते दशक युरोपातही शहरं नव्यानं मांडायचं होतं. पॅरिसमध्ये ओसमान १८५३ पासून जुन्या वस्त्या फोडून प्रशस्त रस्ते काढत होता. व्हिएन्नाचा तट पाडून तिथं वर्तुळाकार राजमार्ग होत होता. बार्सिलोनात सेर्दानं शेतजमिनीवर चौकोनांची जाळी टाकली होती. मुंबईतही गव्हर्नर फ्रिअरच्या काळात किल्ल्याचा कोट उतरत होता. या काटकोनाचा एक जुना उगम रोमन फौजेच्या छावणीत सापडतो. दोन मुख्य रस्ते एकमेकांना काटकोनात छेदायचे, म्हणजे परक्या मुलखातही शिपायाला आपली राहुटी अंधारात सापडायची. बाहेरून आलेल्या माणसाला सोयीची ही रचना. वैशाखात भर दुपारी वर्ध्याच्या रुंद रस्त्यावरून चाललं की मला हे फार जाणवतं. आमच्या अरुंद गल्लीत एका घराची सावली दुसऱ्या घराच्या ओसरीवर पडते.

रस्त्यांमागोमाग इमारती आल्या. इथं मला जॉन रस्किनबद्दल थांबून सांगायचंय, कारण या माणसाची दोन पुस्तकं आपल्याकडे दोन वेगळ्या वाटांनी पोचली. व्हेनिसच्या दगडी वास्तूंवरच्या त्याच्या ग्रंथानं इंग्लंडमध्ये गॉथिक शैलीची ओढ वाढवली. कारागिराचा हात दगडात दिसला पाहिजे, हा त्याचा आग्रह. तीच ओढ मुंबईला आली आणि १८७८ साली फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्सच्या आराखड्यावर व्हीटी स्थानकाचं काम सुरू झालं. टोकदार कमानी, घुमट, आणि दगडातली पानं, पक्षी, प्राणी. ते कोरण्यात मुंबईच्या कलाशाळेतल्या विद्यार्थ्यांचे हात होते.

त्याच रस्किनचं ‘अनटू धिस लास्ट’ गांधीजींनी १९०४ साली दक्षिण आफ्रिकेत रेल्वेच्या प्रवासात वाचलं आणि पुढे ‘सर्वोदय’ या नावानं गुजरातीत आणलं. त्या विचाराला आमच्या जिल्ह्यात मातीच्या भिंती मिळाल्या. व्हीटीहून नागपूरकडे निघालेली गाडी वर्ध्याला थांबते आणि तिथून सेवाग्राम चार कोसांवरही नाही. एका लेखकाच्या दोन टोकांना जोडणारा तो लोहमार्ग आहे.

सेवाग्रामात गांधीजी १९३६ साली आले. आज बापूकुटी म्हणून ओळखलं जाणारं घर मुळात मीराबेननं स्वतःसाठी बांधलेलं, म्हणजे एका इंग्रज नौसेनापतीच्या मुलीनं. आत गेलात तर भिंत जवळून बघा. ओल्या मातीतून तिनं उठवलेली ताडाची झाडं आहेत, चरखा आहे. बोटांचा दाब अजून कळतो. कारागिराचा हात दिसला पाहिजे म्हणणाऱ्या रस्किनला याहून दुसरं काय हवं होतं? त्याच सुमारास नागपुरात हायकोर्टाची वालुकाश्मातली घुमटदार इमारत उभी राहत होती. नव्या दिल्लीच्या बांधणीत काम केलेल्या हेन्री मेडनं ती आखली आणि १९४० साली तिचं उद्घाटन झालं. देखणी इमारत आहे, यात वाद नाही. पण तिच्याकडे मान वर करूनच बघावं लागतं.

नागपूरला त्याआधी एक वेगळा युरोपियन येऊन गेला होता. स्कॉटलंडचा पॅट्रिक गेडिस. एडिनबरोच्या पडक्या जुन्या वस्तीत तो बायकोसह राहायला गेला होता आणि घरं न पाडता ती वस्ती सावरत होता. त्यानं नागपूरच्या नगरपालिकेला अहवाल दिला. त्याची पद्धत वैद्याची: आधी पायी फिरा, नाडी बघा, मग औषध. गल्लीतलं एखादं पडकं घर काढून तिथं चौक करा, झाड लावा, उरलेली वस्ती जपा. पुढे तो मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचा पहिला प्राध्यापक झाला. आपल्या शहरांनी ओसमानचा सरळ रस्ता घेतला आणि गेडिसची नाडीपरीक्षा सोडून दिली, याची मला मनापासून हळहळ वाटते.

आता छपराकडे येतो. मृग लागायच्या आधी कवेलू फेरणं हे आमच्याकडचं दरवर्षीचं काम. वानरांनी फोडलेली काढायची, सरकलेली बसवायची. फाटे-बल्ल्या महागल्या, फेरणारे हात कमी झाले, तशी टिनं आली आणि मग स्लॅब. उन्हाळ्यात टिनाखाली बसवत नाही आणि स्लॅब रात्रीही तापलेलाच असतो. वर्ध्याजवळ दत्तपूरला देवेंद्रकुमारांच्या ग्रामोपयोगी विज्ञान केंद्रानं यावर एक उपाय राबवला. कुंभारानं चाकावर निमुळती, पोकळ नळी घडवायची, भाजायची. एकीचं अरुंद तोंड दुसरीच्या रुंद तोंडात घालत जायचं. आधाराच्या साच्यावरून या माळेची कमान होते, कमानीला कमान लागते, वरून गिलावा. साचा काढला तरी छप्पर उभं. लाकूड लागत नाही आणि नळीतल्या हवेमुळे ऊन खाली उतरायला वेळ लागतो.

मला थक्क करणारी गोष्ट इटलीतल्या रावेन्ना गावची आहे. तिथलं सान व्हिताले हे चर्च इ. स. ५४७ साली पूर्ण झालं. त्याचा घुमट याच रीतीनं, एकात एक बसवलेल्या भाजक्या मातीच्या नळ्यांनी बांधलेला आहे. उत्तर आफ्रिकेतले रोमन कुंभार त्याच्याही आधीपासून अशा नळ्या घडवत होते. दगड जड, लाकूड दुर्मीळ, माती मुबलक: अडचण आमच्यासारखीच, उत्तरही तेच.

यंदा मृगाच्या आधी आमच्या शेजारच्या घरावरची कवेलू उतरली. फेरायला नाही, स्लॅब टाकायला. चांगली निघालेली त्यांनी गोठ्याच्या भिंतीला टेकवून, एकात एक घालून रचून ठेवली आहेत.