लातूरचे विवेकानंद रुग्णालय : सहा दशकांची वाटचाल

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, अशी आपल्याकडे जुनी म्हण आहे. हल्ली लोक तिच्यात खाजगी दवाखान्याच्या पायरीचीही भर घालतात. सदराचे वाचक बाजारात वा एस. टी. स्टँडवर भेटले की मला हटकून विचारतात, "खाजगी म्हणजे खिसा कापणारच, नाही का?" या प्रश्नाला हो किंवा नाही असे एका शब्दात उत्तर देता येत नाही. म्हणून आज आपल्याच शहरातील एका खाजगी रुग्णालयाची हकिकत सांगतो. त्यावरून वाचकांनीच काय ते ठरवावे.

१९६६ साली लातूर हा जिल्हा नव्हता. उस्मानाबाद (आजचा धाराशिव) जिल्ह्यातील ते एक तालुक्याचे गाव होते. डाळीची, गुळाची आणि गळिताची बाजारपेठ मोठी, पण उपचारांची सोय तुटपुंजी. सरकारी दवाखाना होता, काही डॉक्टरांची प्रॅक्टिस होती. मोठी शस्त्रक्रिया निघाली की नातेवाईक गाठोडे बांधून सोलापूरची वाट धरत. सोलापूरचे वैद्यकीय महाविद्यालय १९६३ साली सुरू झाले होते. पण ते सव्वाशे किलोमीटरवर, आणि आपली रेल्वे म्हणजे अडीच फुटी रुळांवरची बार्शी लाईट. अडलेली बाळंतीण किंवा आतडे फुटलेला रोगी एवढी वाट काढील याचा भरवसा कोणी द्यावा ? आंबेजोगाईचे वैद्यकीय महाविद्यालय १९७४ साली निघाले, त्यालाही अजून अवकाश होता.

अशा वेळी पुण्यात शिकलेले शल्यविशारद डॉ. अशोक कुकडे आणि त्यांच्या पत्नी, स्त्रीरोगतज्ज्ञ डॉ. ज्योत्स्ना कुकडे, लातुरात आले. डॉ. आलूरकर आणि डॉ. भराडिया हे सहकारी मिळाले आणि १९६६ साली विवेकानंद रुग्णालय सुरू झाले. डॉ. कुकडे हे राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे जुने कार्यकर्ते. त्या विचारांशी कोणाचे जुळेल, कोणाचे जुळणार नाही. परंतु मोठ्या शहरात सहज जम बसला असता अशा तज्ज्ञांनी तेव्हाच्या लातुरात बिऱ्हाड थाटावे, ही गोष्ट साधी नव्हती. शल्यविशारद, स्त्रीरोगतज्ज्ञ आणि फिजिशियन एका छपराखाली असले की रोग्याला तीन दारे झिजवावी लागत नाहीत. आज याचे नवल वाटणार नाही, त्या काळी वाटत असे.

या रुग्णालयाचे दुसरे वैशिष्ट्य म्हणजे ते कोणा एकाच्या मालकीचे नाही. ते न्यासातर्फे चालते. न्यासाचे रुग्णालय रोग्याकडून पैसे घेते, त्याशिवाय औषधे, पगार आणि विजेचे बिल भागणार कसे ? पण वर्षअखेर शिल्लक उरली तर ती कोणाला घरी नेता येत नाही, संस्थेच्याच कामी लावावी लागते. सरकारी नाही म्हणून खाजगी, आणि नफा वाटता येत नाही म्हणून सार्वजनिक, असा हा मधला मार्ग आहे. मिरजेचे वानलेस रुग्णालय १८९४ पासून अशाच संस्थात्मक पायावर उभे राहिले. मोठ्या शहरांबाहेर असा मार्ग टिकवणे मात्र कठीण असते.

संस्थेची खरी परीक्षा झाली ३० सप्टेंबर १९९३ रोजी. आदल्या दिवशी गणेश विसर्जन झालेले. पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारी, सास्तूर परिसर हादरला. जाड दगडमातीच्या भिंती आणि वर मातीचे जड माळवद यांखाली सुमारे ८ हजार माणसे गेली, त्याहून कितीतरी अधिक जखमी झाली. जखमींचा लोंढा साहजिकच लातूरकडे वळला. सरकारी यंत्रणेबरोबर विवेकानंदचे डॉक्टर आणि कर्मचारी उपचारांत आणि मदतकार्यात उतरले.

येथे एक वैद्यकीय गोष्ट वाचकांनी लक्षात ठेवावी. तासन् तास दगडाखाली दबलेला पाय मोकळा केला की चिरडलेल्या स्नायूंतील घातक द्रव्ये एकदम रक्तात उतरतात. मूत्रपिंडे बंद पडू शकतात, पोटॅशियम वाढून हृदयही थांबू शकते. वर वर बरा दिसणारा माणूस अशाने काही तासांत दगावतो. त्याला शक्यतो दगड हलवण्याआधीच, नाहीतर काढल्याबरोबर, सलाईन लावावे लागते. म्हणूनच जवळचे रुग्णालय ही चैन नसून गरज आहे.

पुढे शहर वाढले, रुग्णालयही वाढले. औद्योगिक वसाहतीत कर्करोगासाठी वेगळे रुग्णालय उभे राहिले. त्याचे मोल ज्याच्या घरी हा आजार आला त्यालाच कळेल. विकिरणाचा उपचार अनेकदा पाच-सहा आठवडे, आठवड्यातून पाच दिवस घ्यावा लागतो. एकेका वेळी काम काही मिनिटांचे, पण त्यासाठी बार्शीला वा मुंबईला महिना-दीड महिना राहायचे म्हणजे शेत पडीक आणि सोबतच्या माणसाची मजुरी बुडाली. अशाने कित्येक जण उपचार अर्ध्यावर सोडतात. अर्धा उपचार म्हणजे कर्करोगाला पुन्हा वाढायला मोकळीक.

२०१६ च्या उन्हाळ्यात आणखी एक संकट आले. मांजरा धरण कोरडे पडले आणि एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आले. पहिल्या खेपेत १० वाघिणी, ५ लाख लिटर. घरात पाणी नसेल तर अंघोळ टाळता येते. शस्त्रक्रियागृहात हात धुणे आणि हत्यारे निर्जंतुक करणे टाळता येत नाही. एका डायलिसिसलाच सुमारे १२० लिटर शुद्ध द्रावण लागते. 'जलयुक्त लातूर' या नावाने लोकवर्गणीतून मांजरेचे पात्र खोल-रुंद करण्याचे काम त्या वर्षी झाले, त्यात डॉ. कुकडे अग्रभागी होते. डॉक्टरने नदी उपसण्याच्या कामात पडावे, याचे मला नवल वाटले नाही. पाण्याविना दवाखाना चालत नाही. २०१९ साली त्यांना पद्मभूषण मिळाले, त्यात नमूद केलेले कार्य होते परवडणारी आरोग्यसेवा.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. खाजगी दवाखाना निवडताना तो कोणाचा आणि कोणत्या नियमांत चालतो, हे आपण विचारतच नाही. न्यासाच्या मोठ्या रुग्णालयांना, मग ते कोणत्याही गावचे असो, २००६ पासून उच्च न्यायालयाने मान्य केलेली योजना लागू आहे. त्यानुसार १० टक्के खाटा निर्धन रोग्यांसाठी मोफत आणि १० टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत ठेवाव्या लागतात. जिवावर बेतले असेल तर पैशासाठी न अडवता आधी दाखल करून घ्यावे लागते. रेशनकार्ड आणि तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला घरात तयार ठेवा. दाखल होतानाच तेथील समाजसेवा अधिकाऱ्याला भेटा, बिल हातात पडल्यावर नव्हे. दाद मिळाली नाही तर धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात तक्रार करता येते. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत तो आजार आणि ते रुग्णालय बसते का, तेही विचारा. शिवाय २०२१ पासून खाजगी रुग्णालयांनी दरपत्रक दर्शनी भागात लावणे बंधनकारक आहे. ते वाचायला संकोच कसला ?

१९६६ साली लातुरात उपचारांची सोय व्हावी म्हणून चार डॉक्टरांनी कष्ट घेतले. आज सोय आहे, ती आपल्या हक्काने आणि माहितीने वापरणे हे आपले काम. वरची दोन कागदपत्रे घरात आहेत का, एवढे आज संध्याकाळी पाहून घ्या.